ठाण्यात न लिहिलेला दस्त

ठाणेदारांनी खुर्ची माझ्याकडे सरकवली आणि म्हणाले, "बसा मॅडम. समझोत्याचा कागद तुम्हीच टाईप करा. तुमच्या सही-शिक्क्याशिवाय त्याला वजन येणार नाही."

टेबलावर पोलीस स्टेशनचा कॉम्प्युटर होता. कीबोर्डवरची निम्मी अक्षरं पुसलेली. समोरच्या बाकड्यावर धनसिंग राठोड बसले होते, सलग तिसरा दिवस. सकाळी यायचं आणि संध्याकाळी सोडतील तेव्हा जायचं. अटक नव्हती. ठाण्याच्या भाषेत याला 'चौकशीला बोलावलं' म्हणतात. त्यांच्या शेजारी त्यांची बायको सोनीबाई, मांडीवर भाकरीचं फडकं. खिडकीजवळच्या खुर्चीवर वानखडे सर. सर फिर्यादी, म्हणजे तक्रार करणारे. धनसिंगजी आरोपी नंबर एक. आणि आरोपी नंबर दोन मी.

मी दस्तलेखिका आहे. तहसील कार्यालयाच्या आवारात टिनाच्या शेडखाली माझं टेबल असतं. खरेदीखत, बक्षीसपत्र, हक्कसोड, इसारचिठ्ठी असले कागद मी लिहून देते. सुरुवात टाईपरायटरवर केली, आता लॅपटॉप आणि प्रिंटर आहे. या कामाला लायसन्स लागतं आणि प्रत्येक कागदाची नोंद रजिस्टरमध्ये ठेवावी लागते. यवतमाळ जिल्ह्यातलं तालुक्याचं गाव आहे, एवढंच सांगते. त्या वेळचे साहेब बदलून गेले. आता नाव लिहून काही साधायचं नाही.

वानखडे सर आणि धनसिंगजींचा सौदा माझ्याच टेबलावर झाला होता. धनसिंगजींचा तांडा गावापासून सहा-सात किलोमीटर. वडलांच्या काळात सरकारनं भूमिहीन म्हणून त्यांना जमीन दिली. त्यातली दोन एकर रस्त्याला लागून. सर जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षक, निवृत्तीला थोडी वर्षं राहिलेली. त्यांना रस्त्याकडेला छोटं घर बांधायचं होतं आणि रोपवाटिका टाकायची होती. संत्र्याच्या, लिंबाच्या कलमांबद्दल ते तासभर बोलू शकत. धनसिंगजींची मुलगी नर्सिंगला लागली होती, तिच्या कॉलेजसाठी त्यांना जमीन विकायची होती. दोघांची गरज खरी होती.

सरकारनं दिलेली जमीन सातबाऱ्यावर 'भोगवटादार वर्ग दोन' म्हणून लागते. अर्थ असा की जमीन तुमची, पीक तुमचं, पण विकायची तर आधी कलेक्टरची परवानगी पाहिजे. परवानगीशिवाय खरेदीखत होत नाही. म्हणून आधी सौदाचिठ्ठी करतात. इसार देतात, म्हणजे सौदा पक्का झाल्याची आगाऊ रक्कम, आणि परवानगी आली की खरेदी लावायची असं ठरवतात.

मी तसंच लिहिलं. तीन पानांचा कागद झाला. दुसऱ्या पानावर पाचवी अट होती. जमीन वर्ग दोनची आहे हे घेणाऱ्याला माहीत आहे. देणाऱ्यानं एक महिन्यात परवानगीचा अर्ज करायचा. परवानगी आल्यापासून तीन महिन्यांत खरेदी करून द्यायची. परवानगी नाकारली गेली तर इसार परत. ही अट मी दोघांना मोठ्यानं वाचून दाखवली. धनसिंगजींना मराठी वाचायला जड जातं, म्हणून दोनदा.

सर म्हणाले होते, "इंगोलेबाई, किती दिवस लागतात हो परवानगीला?"

मी म्हणाले, "सर, ते कलेक्टर ऑफिसलाच ठाऊक. सहा महिने धरून चाला."

चौदा महिने झाले तरी परवानगी आली नव्हती. धनसिंगजींनी अर्ज वेळेत केला होता. त्याची पोच मी स्वतः पाहिली होती. पण फाईल तहसीलातून उपविभागात, तिथून जिल्ह्याला, जिल्ह्यातून 'त्रुटी' काढून परत तहसीलात. एकदा जुन्या वाटपाचा आदेश मागितला, एकदा नकाशा. प्रत्येक त्रुटीला दोन-तीन महिने.

त्यातच एक दिवस तांड्यावर नागपूरची गाडी आली. रस्ता मोठा होणार अशी बोलवा होती, भाव चढले होते. गाडीतला माणूस धनसिंगजींच्या ओट्यावर बसून चहा प्यायला. ही बातमी सरांपर्यंत पोहोचायला दुसरा दिवस उजाडावा लागला नाही. सर तांड्यावर गेले. शब्दाला शब्द लागला. धनसिंगजी म्हणाले, "चहा पाजला म्हनून का जमीन देल्ली का त्याले?" सर म्हणाले, "मग परवानगी काहून येत नाही? तूच फाईल अडवून राह्यला." तिथून सर थेट ठाण्यात गेले.

गुन्हा दाखल झाला. चारशेवीस. नव्या कायद्यात या कलमाचा नंबर बदलला आहे, पण कोर्टात, ठाण्यात आणि चहाच्या टपरीवर अजून चारशेवीसच म्हणतात. फिर्यादीत लिहिलं होतं की जमीन वर्ग दोनची असल्याचं लपवून, दस्तलेखिकेशी संगनमत करून, फसवणुकीच्या इराद्यानं इसार घेतला. दुसऱ्या दिवशी पेपरात चार ओळी आल्या. नवऱ्यानं पेपर घडी करून माझ्यापुढे ठेवला. ते एसटीतून निवृत्त झालेले मेकॅनिक. बोलण्यापेक्षा उघडून बघण्यावर त्यांचा विश्वास.

मी काझी वकिलांकडे गेले. सत्तरीचे, दिवाणी-फौजदारी दोन्ही पाहणारे. त्यांनी माझी ऑफिस कॉपी वाचली, चष्मा काढला.

"सरोजताई, यह तो सीधा दिवाणी मामला आहे. सौदा करतानाच त्याच्या मनात खोट होती हे दाखवता आलं तर चारशेवीस. नंतर फिरला, उशीर केला, भाव वाढले म्हणून नाही म्हणाला, तर तो करार मोडला. त्यासाठी दिवाणी कोर्ट आहे. आणि इथे तर तो फिरलेलाही नाही. पाचवी शर्त पढी है क्या किसीने?"

"माझ्याजवळ मूळ कागदाची सही केलेली प्रत आहे."

"ती सांभाळा. मी तुमच्यासाठी अटकपूर्व जामीन टाकतो. आणि ठाण्यात बोलावलं तर जाऊ नका. बाईमाणसाला चौकशीसाठी ठाण्यात बोलावता येत नाही, त्यांना तुमच्या घरी यावं लागतं."

तरी मी गेले. कारण फोन ठाण्यातल्या जमादारांचा होता आणि त्यांनी सांगितलं होतं, "बाई, समझोता होऊन राह्यला. तुमी आल्या तं सगळंच मिटून जाईन." मला वाटलं, मी पाचवी अट दाखवेन आणि ते वाचतील.

ठाण्यात पहिल्यांदा मी तेच केलं. तपासाच्या फाईलला लावलेली सौदाचिठ्ठीची झेरॉक्स मागितली. पाहिली. पहिलं पान होतं, तिसरं पान होतं. मधलं नव्हतं.

"साहेब, यात दुसरं पान नाही. सगळं त्याच पानावर आहे." मी माझी प्रत पुढे केली.

ठाणेदारांनी ती हातात घेतली नाही. ते पुण्याकडचे होते, आवाज शांत. "मॅडम, ते तुम्ही कोर्टात दाखवा. मी इथे कायद्याचा कीस पाडायला बसलो नाही. माणसाचे पैसे अडकलेत. जमीन द्यायची नाही आणि पैसेही नाहीत, याला माझ्या भाषेत फसवणूक म्हणतात. आज समझोता करा. राठोड जमिनीचा ताबा देतील आणि सरांच्या नावे कुलमुखत्यारपत्र लिहून देतील. पुढे परवानगी येवो न येवो. तुमचं नाव चार्जशीटमधून काढायची जबाबदारी माझी."

कुलमुखत्यारपत्र म्हणजे माझ्या वतीनं हा माणूस सगळे व्यवहार करेल असा अधिकार देणं. वर्ग दोनच्या जमिनीत परवानगीची वाट चुकवायला लोक हा मार्ग काढतात. त्यातून पुढे काय होतं ते मी पुष्कळदा पाहिलंय. शर्तभंग म्हणून सरकार जमीन परत घेऊ शकतं. तेव्हा देणाराही बुडतो आणि घेणाराही.

मी वानखडे सरांकडे पाहिलं. ते माझ्याकडे पाहत नव्हते.

"सर, दुसरं पान कुठे आहे?"

"झेरॉक्सवाल्याकडे राहिलं असेल," ते म्हणाले.

मी खुर्चीवर बसले. खोटं कशाला सांगू, मी टाईप करायला बसले होते. लायसन्सचा विचार होता, पेपरातल्या चार ओळींचा होता. इतक्या वर्षांत पोलिसांच्या कागदावर माझं नाव कधी आलं नव्हतं. आता ते आलं होतं आणि ते काढून टाकणं माझ्या दहा बोटांत होतं.

पक्षकारांची नावं टाईप केली. वय, धंदा, राहणार. जमिनीचं वर्णन, चतुःसीमा, म्हणजे चारी बाजूंना कोणाची जमीन लागते ते. हे मला डोळे मिटून येतं. मग ते वाक्य आलं जे प्रत्येक दस्तात असतं आणि जे मी हजारो वेळा लिहिलं असेल. 'सदर दस्त मी राजीखुशीने, अक्कलहुशारीने, नशापाणी न करता व कोणाच्याही दडपणाखाली न येता लिहून देत आहे.'

'राजीखुशीने' टाईप झालं. पुढचं होईना.

बाकड्यावर धनसिंगजी दोन्ही हात गुडघ्यांवर ठेवून बसले होते. तीन दिवसांत त्यांची दाढी पांढरी वाढली होती. हाताला हातकडी नव्हती, कोणी अंगाला हात लावला नव्हता. ते उठून जाऊ शकत होते का? नाही. त्यांना ते ठाऊक होतं, मला ठाऊक होतं, ठाणेदारांना ठाऊक होतं. आणि मी लिहिणार होते की दडपण नाही.

"काय झालं?" ठाणेदार.

"साहेब, हे वाक्य मी लिहू शकत नाही."

"कोणतं?"

मी स्क्रीन त्यांच्याकडे वळवली. त्यांनी वाचलं.

"फॉर्मॅटमधलं वाक्य आहे. सगळ्याच दस्तांत असतं."

"हो. पण बाकीच्या दस्तांत ते खरं असतं. म्हणजे मला तरी खरं वाटत असतं."

"मग ते वाक्य काढून टाका."

"ते काढलं तर दस्ताला अर्थ राहत नाही. आणि ठेवलं तर मी पोलीस स्टेशनात बसून खोटं लिहिलं असं होईल. खाली माझी सही आहे, साहेब."

ठाणेदारांनी स्क्रीन परत माझ्याकडे वळवली. बोलले ते धनसिंगजी.

"लिहा नं बाई." ते उठून टेबलाजवळ आले. "मीच म्हनून राह्यलो नं, लिहा. मले सुटू द्या इथून. जमीन गेली तं गेली."

"धनसिंगजी, ही जमीन तुम्ही अशी देऊ शकत नाही. उद्या सरकार—"

"उद्याचं उद्या पाहीन. तुमाले काय जाते लिहाले? रोज तं लिहिता."

त्यांच्या डोळ्यांत पाणी नव्हतं, राग होता. माझ्यावरचा. इतका वेळ ते माझी वाट पाहत होते आणि मी त्यांना सोडवायला नकार देत होते. मी हे तेव्हा समजू शकत होते. पण माझी बोटं हलली नाहीत.

"मला जमणार नाही," मी म्हणाले. केलेलं टाईप पुसलं. पर्स उचलली.

ठाणेदार म्हणाले, "मॅडम, तुम्ही आरोपी नंबर दोन आहात, हे लक्षात आहे ना?"

"आहे साहेब."

बाहेर आले. फाटकाजवळच्या पाणपोईच्या कट्ट्यावर बसले. अर्ध्या तासानं जमादार बाहेर आले. मला बघून थांबले.

"बाई, त्याले अटक दाखवली आता. तुमी लिहून देल्लं असतं तं वाचला असता म्हातारा."

धनसिंगजी आठ दिवस यवतमाळच्या जेलात होते.

या आठ दिवसांबद्दल मला फार काही सांगता येत नाही, कारण मी तिथे नव्हते. मला दुसऱ्याच दिवशी सेशन कोर्टातून तात्पुरता अटकपूर्व जामीन मिळाला होता. त्यांच्या जामिनासाठी काझी वकील उभे राहिले, फी न घेता. मी त्यांना माझी प्रत दिली, रजिस्टरची नोंद दिली, परवानगीच्या अर्जाची पोच काढून दिली. जामिनाच्या दिवशी कोर्टानं दोन्ही प्रती शेजारी ठेवून पाहिल्या आणि सरकारी वकिलांना दुसरं पान कुठे आहे ते विचारलं. सरकारी वकिलांनी फाईल पुन्हा चाळली. जामीन झाला.

कोर्टाच्या व्हरांड्यात सोनीबाई उभ्या होत्या. त्या धनसिंगजींशी गोरबोलीत, म्हणजे त्यांच्या बंजारा बोलीत, काही बोलल्या, ते मला कळलं नाही. मग माझ्याकडे वळल्या. ते मराठीत होतं.

"बाई, तुमचं इमान तुमच्यापाशी ठेवा. तुमी घरी निजल्या आठ दिवस. माझा मानूस आत होता. त्याले बीपीची गोयी कोनी देल्ली असन तिथं?"

त्या जे म्हणाल्या त्यात चुकीचं काही नव्हतं. मी नकार दिला त्याची किंमत मी भरली नव्हती, त्यांनी भरली होती. इतकी वर्षं झाली या कामाला, पण असा हिशेब मला आधी कधी मांडावा लागला नव्हता.

माझ्या टेबलावरची गर्दी कमी झाली. निबंधक कार्यालयातून लायसन्सबद्दल खुलासा मागणारं पत्र आलं. मी खुलासा दिला, तीन पानांची प्रत जोडली. जुने लोक येत राहिले. नवे लोक आधी माझ्याकडे बघत, मग आपसांत काही बोलत आणि पुढे जात. नवरा रोज दुपारी डबा घेऊन शेडखाली येऊन बसायला लागले. आधी कधी येत नव्हते. मी विचारलं, कशाला येता? म्हणाले, "घरी एकट्यानं जेवण जात नाही."

जामिनानंतर चार महिन्यांनी तलाठी माझ्या टेबलाशी थांबले. म्हणाले, "बाई, तुमच्या राठोडची परवानगी आली. कलेक्टरचा आदेश तांड्यावर पोहोचवला कालच."

मला वाटलं, संपलं. आता दोघांनी यावं, खरेदी लावावी. आदेश मी तहसीलातून वाचून घेतला. त्यात एक अट होती, बहुतेक आदेशांत असते. एक वर्षाच्या आत खरेदी झाली नाही तर परवानगी रद्द.

त्याच संध्याकाळी मी वानखडे सरांच्या घरी गेले. अंगणात त्यांनी पिशव्यांत कलमं लावून ठेवली होती. काही पिशव्या फाटून मुळं बाहेर आली होती.

"सर, परवानगी आली. तुम्हाला हवं होतं ते झालंय. फौजदारी सोडा. वकिलाकडून साधी नोटीस पाठवा, खरेदी करून मागा. नाही म्हणाले तर दिवाणी दावा टाका. कागद तुमच्या बाजूचा आहे."

सरांनी एक फाटलेली पिशवी सरळ केली. मग म्हणाले, "माझा वकील म्हणतो, क्रिमिनल केस चालू आहे तोवर आपण नरम पडायचं नाही. तो घाबरून स्वतः येईल."

"सर, तो घाबरायचा तेवढा घाबरून झालाय."

"बघू," सर म्हणाले.

दोन दिवसांनी मी तांड्यावर गेले. नवऱ्यानं स्कूटरवर नेलं. सोनीबाईंनी पाणी दिलं, पण बसा म्हणाल्या नाहीत. धनसिंगजी ओट्यावर होते. मी आदेशाबद्दल सांगितलं, मुदतीबद्दल सांगितलं.

ते म्हणाले, "मले मालूम हाय. वाचून घेतला पोरीकून."

"मग चला. इसार घेतलाय तुम्ही. बाकी रक्कम घ्या आणि खरेदी द्या. सौदा पुरा होईल."

"नाई बाई." त्यांचा आवाज वर गेला नाही. "तो आला असता तं मी देल्ली असती. भाव वाढला तरी देल्ली असती, शब्द देल्ता मी. पन त्यानं मले तीन दिवस त्या बाकड्यावर बसवलं. येनारा जानारा पाहत होता. माझी पोरगी सुट्टीवर आल्ती, ते पाहून गेली मले तिथं. आता त्या मानसाच्या नावानं मी सही करत नाई. कोर्टानं सांगतलं तं करीन. त्याच्यासाठी नाई."

हा माणूस आता खरोखर करार मोडत होता. पहिल्यांदाच. गुन्हा दाखल झाला तेव्हा त्यानं काही मोडलं नव्हतं. गुन्ह्यानं त्याला मोडायला लावलं. हे मी तेव्हा तिथे बोलले नाही. नवरा मात्र परत येताना एकदाच म्हणाले, "दोघांचाही नट घासला आता. पाना बसत नाही."

मुदत निघून गेली. परवानगी रद्द झाली.

काझी वकिलांनी नागपूरला, उच्च न्यायालयात गुन्हा रद्द करण्याचा अर्ज टाकला होता. तो लागायला दीड वर्ष गेलं. आम्ही दोघं आरोपी एकाच गाडीनं नागपूरला गेलो. कळंबला गाडी थांबली तेव्हा धनसिंगजींनी चिंतामणीच्या देवळाच्या दिशेनं हात जोडले आणि पुन्हा खिडकीबाहेर बघत बसले. माझ्याशी एक शब्द बोलले नाहीत.

सुनावणी वीस मिनिटं चालली. कोर्टाचं म्हणणं थोडक्यात असं होतं की पाचव्या अटीत सगळं आधीच सांगितलेलं आहे, त्यामुळे सुरुवातीपासून फसवण्याचा इरादा दिसत नाही. वाद दिवाणी आहे. पैसे किंवा जमीन मिळवून देण्यासाठी फौजदारी कायदा वापरता येणार नाही. गुन्हा रद्द झाला. काझी वकिलांनी बाहेर येऊन माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाले, "पढ़ लिया किसीने आखिर." धनसिंगजींनी त्यांना वाकून नमस्कार केला. मला नाही.

पंधरा दिवसांनी वानखडे सर माझ्या टेबलाशी आले. निवृत्त झाले होते. बसले. पिशवीतून एक कागद काढून टेबलावर ठेवला. सौदाचिठ्ठीचं दुसरं पान. मूळ, सह्यांसकट.

"माझ्याकडेच होतं," ते म्हणाले. "झेरॉक्सवाल्याकडे राहिलं नव्हतं. मला सांगितलं गेलं, हे पान लावलं तर गुन्हा दाखल होणार नाही. मी ते घरीच ठेवलं." मग म्हणाले, "मुलांना तीस वर्षं शिकवलं मी, की उत्तरपत्रिकेचं पान फाडू नका."

कोणी सांगितलं ते मी विचारलं नाही. 

"बाई, गुन्हा दाखल केला नसता तर?"

"तर फाईल जेव्हा आली तेव्हाच आली असती. धनसिंगजींनी खरेदी दिली असती. ते स्वतः म्हणाले मला."

सरांनी पिशवीची घडी केली. मग म्हणाले, "आता दिवाणी दावा करतो."

त्यांनी केला. कोर्टानं मध्यस्थीला पाठवलं. धनसिंगजींनी इसार हप्त्यांनी परत करायचं कबूल केलं, सरांनी जमिनीवरचा हक्क सोडला. सरांचं घर झालं नाही. कलमं त्यांनी गावातल्या शाळेला देऊन टाकली. रस्ताही अजून मोठा झालेला नाही. धनसिंगजींच्या दोन एकरांत तूर आहे. मुलगी यवतमाळला दवाखान्यात नोकरी करते.

धनसिंगजींनी मागच्या वर्षी मुलीच्या नावे बक्षीसपत्र करण्याचं ठरवलं, ते मला दुसऱ्या एका दस्तलेखकाकडून समजलं. परवानगीच्या अर्जासकट सगळे कागद त्यांनी त्या दस्तलेखकाकडूनच करून घेतले. माझ्या टेबलावर ते परत कधीच आले नाहीत. मी त्याबद्दल कोणाला काही विचारलं नाही.

एक बदल मी केला आहे. सौदाचिठ्ठीच्या प्रत्येक पानावर खाली 'एकूण पाने तीन, पैकी पान दोन' असा त्या-त्या पानाचा आकडा लिहिते आणि प्रत्येक पानाची सहीसकट एकेक प्रत दोघांनाही देते. त्यात काही मोठी अक्कल नाही, आधीपासून करायला हवं होतं.

आजही महिन्यात दोन-तीन जण माझ्याकडे येतात. "बाई, त्यानं इसार घेतला अन् आता जमीन देऊन नाई राह्यला. ठाण्यात अर्ज लिहून द्या, चारशेवीसचा." मी आधी विचारते, सौदा केला त्या दिवशी तो खोटं बोलला होता का? जमीन त्याची नव्हती का? आधीच दुसऱ्याला विकलेली होती का? तसं असेल तर अर्ज जरूर लिहून देते, तिथे पोलीसच लागतात. पण नुसता उशीर झाला असेल, भाव वाढला असेल, भांडण झालं असेल, तर दिवाणी वकिलाकडे जा म्हणते. वेळ लागेल, पण जमीन मिळेल किंवा पैसे मिळतील. ठाण्यातून दोन्ही मिळत नाहीत.

काही जण ऐकतात. बाकीचे उठून शेजारच्या टेबलावर जातात. तिथे असा अर्ज दहा मिनिटांत लिहून मिळतो.